मुंबईचे शेअरवेड आणि सामान्य माणूस



मुंबईच्या कोट भागात जाण्याचा प्रसंग आपल्यापैकी पुष्कळांना आला असेल. तेथे ओव्हल मैदानाच्या कडेला विद्यापीठाचा राजाबाई मनोरा उभा आहे. त्याच्या पूर्वेस थोडे चालत गेले की टाउन हॉल आणि त्यापुढची वर्तुळाकार बाग लागते; तिला आता हॉर्निमन सर्कल म्हणतात, पूर्वी एल्फिन्स्टन सर्कल म्हणत. जवळच दलाल स्ट्रीट आहे. उलट पश्चिमेकडे वळलो तर चर्चगेटहून मरीन लाइन्सकडे आगगाडी जाते; ती ज्या पट्टीवरून जाते तेथे एके काळी भरतीचे पाणी येत असे. ही स्थळे एकमेकांपासून वेगळी दिसतात, परंतु १८६३ ते १८६५ ह्या अवघ्या तीन वर्षांच्या एका प्रकरणाशी ती सारी जोडलेली आहेत. त्या तीन वर्षांत मुंबईत सोन्याचा धूर निघाला. व्यापारी, सराफ, वकील, डॉक्टर, कारकून, दुकानदार अशा सगळ्यांनी शेअरबाजारात आपले नशीब अजमावले. पुढे एका ठरलेल्या दिवशी हिशेब मागण्यात आला, आणि तो देणारा कोणी उरला नाही. तो दिवस १ जुलै १८६५. आज आपल्याला त्या दिवसाची आणि त्याच्या आधीच्या तीन वर्षांची हकीकत पाहावयाची आहे.

ह्या प्रकरणाचा निकाल लोकांनी केव्हाच लावून टाकला आहे. ‘लोक लोभाला बळी पडले’ हा तो निकाल. तो खोटा आहे असे मी म्हणत नाही. परंतु लोभ ही काही १८६३ साली मुंबई बंदरात उतरलेली नवी जिन्नस नव्हती. तो १८५३ सालीही होता आणि आजही आहे. मग त्याच तीन वर्षांत तो सबंध शहराला घेऊन का बुडाला, हा खरा प्रश्न आहे. इतिहासाचा उपयोग असेल तर तो अशा ठिकाणीच असतो.

आरंभ आपल्याकडे झाला नाही, अमेरिकेत झाला. एप्रिल १८६१ मध्ये अमेरिकेच्या उत्तर व दक्षिण संस्थानांमध्ये यादवी युद्ध पेटले. इंग्लंडातील लँकेशायरच्या गिरण्यांना लागणारा बहुतेक कापूस अमेरिकेच्या दक्षिण भागातून येत असे. उत्तरेच्या आरमाराने दक्षिणेची बंदरे अडवली, आणि मँचेस्टरची चाके कापसावाचून अडू लागली. तेव्हा इंग्रज गिरणीवाल्यांची दृष्टी हिंदुस्थानकडे वळली. आपला कापूस आखूड धाग्याचा आणि काडीकचरा मिसळलेला, म्हणून एरवी त्याला ते नाक मुरडीत. परंतु अडला हरी काय करतो, हे आपण जाणतोच. गुजरात, खानदेश, वऱ्हाड, धारवाड ह्या प्रांतांतला कापूस बैलगाड्यांनी, गलबतांनी आणि नव्याने झालेल्या आगगाडीने मुंबईला लोटला. भाव चढत चढत पूर्वीच्या तिपटीपर्यंत गेले. लोकांनी गाद्याउशांतला जुना कापूस काढून विकला, असेही सांगतात.

युद्धाच्या त्या चार-पाच वर्षांत मुंबईला कापसाच्या नेहमीच्या किमतीखेरीज वर किती पैसा मिळाला? समकालीन अंदाज सात ते साडेसात कोटी पौंडांचा आहे. म्हणजे त्या वेळच्या दराने सत्तर-पंचाहत्तर कोटी रुपये. आजच्या कोट्यवधींच्या सवयीने ह्या आकड्याकडे पाहू नका. ज्या काळी लहान कारकुनाचा संसार महिना पंचवीस-तीस रुपयांत चाले, त्या काळचे हे कोटी आहेत.

एवढा पैसा आला, तो जाणार कोठे? मुंबईत त्या वेळी कापडगिरण्या हाताच्या बोटांवर मोजण्याइतक्या होत्या. जमीनजुमला थोडा, कारण मुंबई हे बेट. अशा वेळी एका नव्या कायद्याने दार उघडून ठेवलेले होते. १८५७ च्या कायद्याने कंपनीच्या भागीदाराची जबाबदारी त्याच्या शेअरच्या रकमेपुरती मर्यादित केली, आणि १८६० मध्ये ती सवलत बँकांनाही मिळाली. ही सुधारणा मुळात चांगलीच होती. आपली घरेदारे पणाला न लावता लोकांना मोठ्या उद्योगात सामील होता यावे, हा तिचा हेतू. परंतु चाकू फळ कापण्यासाठी केला तरी त्याने बोट कापत नाही असे नाही.

कंपन्या निघू लागल्या. १८५५ साली मुंबईत विम्याच्या दहा कंपन्या सोडल्या तर ह्या जातीचे जवळजवळ काहीच नव्हते. १८६४ च्या अखेरीस गणती केली तेव्हा ३१ बँका, १६ फायनान्शियल असोसिएशने, ८ जमीन कंपन्या, कापूस दाबण्याच्या १६ प्रेस कंपन्या, १० जहाज कंपन्या आणि २० विमा कंपन्या भरल्या. ह्यांतील कित्येकींचे काम कागदावरून खाली उतरलेच नाही. कंपनीचे नाव ठरले, संचालकांच्या यादीत चार वजनदार नावे घातली, की शेअर निघण्यापूर्वीच त्यावर अधिमूल्य बोलले जाई.

ह्या सर्वांत शिरोमणी म्हणजे बॅक बे रेक्लमेशन कंपनी. कुलाब्यापासून मलबार हिलच्या पायथ्यापर्यंतचा समुद्र हटवून जमीन करावयाची, अशी ही योजना. कल्पना वेडगळ नव्हती. मुंबईला जमीन हवीच होती. १८६४ च्या खानेसुमारीत शहराची लोकसंख्या ८,१६,५६२ भरली, म्हणजे माणसांना पाय ठेवायला जागा नव्हती. परंतु चांगली कल्पना आणि तिची किंमत ह्या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पाच हजार रुपये भरणा झालेला ह्या कंपनीचा शेअर पन्नास हजारांपर्यंत चढला. समुद्र अजून जागच्या जागी होता. त्याखालच्या जमिनीचा भाव मात्र लंडनच्या जमिनीसारखा बोलला जात होता.

ह्या बाजाराचा अनभिषिक्त राजा होता प्रेमचंद रायचंद. जन्म १८३१ चा, सुरतेचा; शिक्षण मुंबईत. इंग्रजी लिहिता-वाचता येणारा पहिला देशी दलाल अशी त्याची ख्याती. बुद्धी तल्लख, स्मरणशक्ती दांडगी आणि राहणी साधी. एशियाटिक बँकिंग कॉर्पोरेशन आणि बॅक बे कंपनी ह्या त्याच्याच करणीच्या. नव्या कंपनीचे शेअर वाटावयाचे असत तेव्हा कोणाला किती द्यावयाचे, हे पुष्कळदा त्याच्या शब्दावर ठरे. म्हणून त्याच्या दाराशी सकाळपासून माणसांची रीघ लागे. शेअर मिळाल्याची चिठ्ठी हाती पडली, की ती बाहेर येऊन विकली तरी नफा. पैसे भरण्याचीही गरज नाही! तेव्हा विचार करा, त्या दाराशी उभे राहण्याचा मोह कोणाला आवरला असता?

सर दिनशा वाच्छा ह्यांनी ही सर्व धामधूम आपल्या विशीत प्रत्यक्ष पाहिली होती आणि १९१० साली त्यावर एक स्वतंत्र पुस्तक लिहिले. ते वाचताना एक गोष्ट ठसठशीतपणे जाणवते. हे वेड कोणा एका जातीचे, धर्माचे किंवा थराचे नव्हते. त्यात पारशी होते, भाटिये होते, गुजराती होते, मराठी होते, तसे इंग्रज अंमलदारही होते. आणि ते अडाण्यांचेही नव्हते. डॉ. भाऊ दाजी लाड ह्यांचे नाव आपल्याला माहीत आहे. ग्रँट मेडिकल कॉलेजच्या पहिल्या तुकडीतले पदवीधर, गरिबांना फुकट औषध देणारे धन्वंतरी, शिलालेख वाचणारे संशोधक. भायखळ्याच्या वस्तुसंग्रहालयाला आज त्यांचेच नाव आहे. अशा विद्वानानेही ह्या शेअरांच्या वेडात आपले हात पोळून घेतले. तेव्हा ‘शिकलेला मनुष्य असता तर फसला नसता’ ही समजूत आपण प्रथम सोडून दिली पाहिजे. प्राचीन ताम्रपट वाचणे आणि कंपनीचा जाहीरनामा वाचणे ह्या दोन निरनिराळ्या लिपी आहेत.

आता ह्या व्यवहाराची कळ कोठे होती, ते पाहू. तिचे नाव वायदा. आपण कल्पनेने एक कारकून डोळ्यांपुढे आणू. त्याला पगार महिना तीस रुपये. जानेवारी १८६५ मध्ये तो एका दलालामार्फत असा करार करतो, की अमुक कंपनीचा एक शेअर मी १ जुलैला हजार रुपयांना घेईन. आज त्याला हजार द्यावे लागत नाहीत; शब्द द्यावा लागतो. महिन्याभरात भाव तेराशे झाला. आमचा कारकून तोच शेअर तेराशेला दुसऱ्या कोणाला, पुन्हा १ जुलैच्याच वायद्याने, विकतो. झाले! दहा महिन्यांचा पगार त्याने एका महिन्यात मिळवला. संध्याकाळी घरी येताना तो बर्फी घेऊन येतो. शेजारी विचारतात, आणि दुसऱ्या दिवशी ते शेजारीही दलालाकडे जातात.

परंतु श्रोतेहो, हे तीनशे रुपये आहेत कोठे? ते त्याच्या खिशात नाहीत. १ जुलैच्या पोटात आहेत. त्याच्याकडून ज्याने घेतले त्याने त्या दिवशी तेराशे दिले, तरच हा आपल्या विक्रेत्याला हजार देणार आणि तीनशे ठेवणार. त्या दुसऱ्याने तिसऱ्याला विकलेले, तिसऱ्याने चौथ्याला. अशी ही हातात हात गुंफलेली रांग आहे आणि शेवटच्या माणसाचा हात मोकळा आहे. तो घसरला की सगळी रांग घसरणार. म्हणून ह्या प्रकरणात जो वेळीच विकून मोकळा झाला, जो स्वतःला सावध समजत होता, तोही बुडाला. भाव पडला म्हणून तो बुडाला नाही. ज्याला विकले तो पळाला म्हणून बुडाला. त्याचे येणे बुडाले, देणे मात्र राहिले.

येथे कोणी विचारील, की शब्दावर शब्द रचून एवढा डोलारा उभा राहतोच कसा? कोठेतरी खरा पैसा लागतोच. तो कोठून आला? ह्या प्रश्नाचे उत्तर माझ्या मते सबंध प्रकरणाचा गाभा आहे.

१८४० साली स्थापन झालेली बँक ऑफ बॉम्बे ही मुंबईची सर्वांत प्रतिष्ठित पेढी. तिचे काही शेअर सरकारचे, संचालकांपैकी काही सरकारने नेमलेले. जुन्या सनदेने तिच्यावर बंधने होती : शेअरांच्या तारणावर कर्ज द्यावयाचे नाही, एका माणसाला ठरावीक मर्यादेपलीकडे द्यावयाचे नाही. १८६३ मध्ये नवा कायदा झाला आणि ही बंधने सैल पडली. तेजी ऐन भरात येत असतानाच बांध फोडण्यात आला. बँकेने प्रेमचंद रायचंद आणि त्याच्या शब्दाने येणाऱ्यांना सढळ हाताने कर्जे दिली. फायनान्शियल असोसिएशने नावाच्या ज्या संस्था निघाल्या होत्या त्यांचा मोठा धंदाच शेअरांवर कर्ज देण्याचा होता. म्हणजे असे झाले, की शेअर घेण्यासाठी शेअर गहाण ठेवून पैसा मिळे. त्या पैशाने घेतलेल्या शेअरमुळे भाव चढे, आणि भाव चढला म्हणून त्याच शेअरवर अधिक कर्ज मिळे. विहिरीतले पाणी काढून पुन्हा त्याच विहिरीत ओतावे आणि पाण्याची पातळी वाढली म्हणून आनंद मानावा, तशातला हा प्रकार होता.

आणि सरकार? गव्हर्नर होते सर बार्टल फ्रिअर. मोठे कर्तबगार पुरुष. मुंबईचा जुना कोट त्यांनी पाडला, शहर मोकळे केले. त्यांच्या सरकारने बॅक बे कंपनीचे ४०० शेअर स्वतः घेण्याचे ठरवले होते! वरिष्ठ हिंदुस्थान सरकारने ते नामंजूर केले, ही गोष्ट वेगळी. परंतु सरकार शेअर घेणार ही वार्ता ज्या कारकुनाच्या कानी गेली असेल, त्याने काय समजावे? सरकारला जी कंपनी भरवशाची वाटते, तिच्याविषयी शंका घेणारा तो कोण? कुंपणावर विश्वास ठेवूनच शेतकरी रात्री झोपतो. येथे कुंपणच शेतात शिरले होते.

आता शेवटाकडे येऊ. युद्ध थांबणार, अशा बातम्या १८६४ च्या अखेरीपासून अधूनमधून येत, आणि येत तेव्हा कापूस पडे. एप्रिल १८६५ मध्ये दक्षिणेची राजधानी रिचमंड पडली आणि ९ एप्रिलला सेनापती ली शरण आला. अटलांटिकखालून तार अद्याप चालू झालेली नव्हती. ही बातमी बोटीने इंग्लंडला गेली. तेथून पुढे मात्र १८६५ च्या आरंभी इराणच्या आखातातून नवी तार सुरू झालेली होती. ज्या तारेचा मुंबईच्या व्यापाऱ्यांना अभिमान वाटत होता, तिनेच त्यांच्या मरणाची वर्दी आणली. लिव्हरपुलात कापूस कोसळला. मुंबईच्या वखारींत आणि समुद्रावरच्या जहाजांत जो महागाईने घेतलेला कापूस होता, त्याची किंमत पाहता पाहता उतरली.

मे महिन्यात बैरामजी हरमसजी कामा ह्यांची पेढी तीन कोटींहून अधिक देणी ठेवून बुडाली. त्यानंतर एकामागून एक दिवाळी वाजू लागली. तरी सर्वांच्या नजरा लागल्या होत्या १ जुलैकडे. बहुसंख्य वायद्यांचा हिशेब त्या दिवशी व्हावयाचा होता. तो दिवस उगवला, तेव्हा देणारे नव्हतेच. सगळे घेणारे होते, आणि प्रत्येक घेणारा दुसऱ्याचा देणेकरी होता. बँक ऑफ बॉम्बेचा जो शेअर २,८५० रुपयांवर गेला होता, तो पुढे ८७ रुपयांना विकावा लागला. पन्नास हजारांच्या बॅक बे शेअरला गिऱ्हाईक मिळेना. जमशेटजी टाटा तेव्हा पंचविशीत होते. नव्या बँकेच्या कामासाठी ते लंडनला गेलेले असतानाच खाली पायाच उरला नाही, आणि इकडे त्यांचे वडील नसरवानजी ह्यांना देणी फेडण्यासाठी राहते घर विकावे लागले. टाटांचे घराणे पुन्हा उभे राहिले, म्हणून त्या घराची गोष्ट आपल्याला ठाऊक आहे. जे पुन्हा उभे राहिले नाहीत त्यांच्या घरांच्या गोष्टी कोणी लिहून ठेवलेल्या नाहीत.

एक आकडा मात्र बोलका आहे. १८६४ साली सव्वाआठ लाखांच्या आसपास असलेली मुंबईची वस्ती १८७२ च्या खानेसुमारीत ६,४४,४०५ भरली. ही घट सर्वस्वी ह्याच एका कारणाने झाली असे म्हणता येणार नाही. परंतु कामासाठी शहरात आलेली हजारो माणसे काम संपताच गावी परतली, हे त्यातून दिसते. ह्यांतील पुष्कळांनी आयुष्यात कधी शेअर पाहिला नसेल. कोणी भराव घालण्याच्या कामावर पाट्या टाकीत होता, कोणी नव्या हवेलीच्या भिंती बांधीत होता, कोणी वखारीत गाठी उचलीत होता. सट्ट्याच्या नफ्यात ह्यांचा वाटा नव्हता. तोट्यात मात्र तो न मागता मिळाला.

कायद्याने काय केले? दिवाळखोरांच्या मालमत्तेची वासलात लवकर लागावी म्हणून १८६५ साली खास कायदा करण्यात आला. पैजेचे करार न्यायालयात चालणार नाहीत असा कायदा १८४८ पासून होताच. त्याच १८६५ साली मुंबई इलाख्यासाठी तो आणखी कडक करण्यात आला. घर जळाल्यावर विहीर खणावयाची ही रीत कायद्यांच्या इतिहासात जुनीच आहे. बँक ऑफ बॉम्बे १८६८ मध्ये मोडीत निघाली आणि त्याच वर्षी त्याच नावाची नवी बँक उभी राहिली. सर चार्ल्स जॅक्सन ह्यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी कमिशन बसले. १८६३ चा सैल कायदा, बँकेच्या चालकांची बेपर्वाई आणि सरकारी देखरेखीचा अभाव ही सर्व दुखणी तेथे चव्हाट्यावर आली.

आणि त्या धामधुमीचे शिल्लक काय राहिले? सरकारने बॅक बेची पट्टी ताब्यात घेतली व तिच्यावरून रेल्वे गेली. एल्फिन्स्टन कंपनीची बंदराकडची जमीन सरकारने १८७० मध्ये विकत घेतली आणि तिच्या आधारावर १८७३ मध्ये पोर्ट ट्रस्ट उभा राहिला. प्रेमचंदाने १८६४ मध्ये विद्यापीठाला ग्रंथालयासाठी दोन लाख आणि मनोऱ्यासाठी दोन लाख रुपये दिले होते. त्यातून मातोश्री राजाबाईंच्या नावाचा मनोरा १८७८ मध्ये पुरा झाला. स्वतः प्रेमचंद बुडाला, परंतु धंद्यात टिकून राहिला आणि १९०६ पर्यंत जगला. दलालांनी १८७५ मध्ये आपली संघटना केली. प्रवेशाची फी होती एक रुपया. तोच पुढे मुंबईचा शेअरबाजार झाला. म्हणजे शहराला जमीन मिळाली, विद्यापीठाला मनोरा मिळाला, दलालांना संस्था मिळाली. प्रत्येकाच्या नावाचा दगड आहे. तीस रुपयांच्या त्या कारकुनाच्या नावाचा दगड कोठेही नाही. त्याच्या पैशावर आपण गाडीतून जातो, एवढेच.

श्रोतेहो, मी हे सर्व तटस्थपणे सांगत आहे असे आपणास वाटले असेल. तसे नाही. १९९२ सालची गोष्ट. मी महाविद्यालयात इतिहास शिकवीत होतो. १८६५ चे हे प्रकरण दरसाल वर्गात शिकवीत असे. वाच्छांच्या पुस्तकाची टाचणे माझ्या टेबलावर पडलेली असत. त्या वर्षीच्या आरंभी बाजार रोज चढत होता. शिक्षकांच्या खोलीत दुसरा विषय नव्हता. एका सहकाऱ्याने सांगितले, ‘अमुक कंपनीचे घ्या, मोठी माणसे घेताहेत.’ मी भविष्यनिर्वाह निधीतून कर्ज काढले आणि घेतले. घरी सांगितले नाही. एप्रिलअखेर हर्षद मेहता प्रकरण उजेडात आले, बँकांचा पैसा बाजारात कसा खेळवला गेला होता ते बाहेर पडले, आणि माझे कागद कागदच राहिले. ते कर्ज फेडण्यास मला चार वर्षे लागली. मुलीचे लग्न त्यामुळे साध्या रीतीने झाले, आणि का, हे मी तिला पुष्कळ वर्षांनी सांगितले. ती एवढेच म्हणाली, ‘बाबा, तुम्ही तर हेच शिकवत होता.’

तेव्हापासून मी स्वतःला विचारीत आलो आहे, की मला माहीत असूनही मी का गेलो? उत्तर शोधता शोधता १८६५ मला पूर्वीपेक्षा अधिक कळले. मी कंपनी घेतली नव्हती. ती काय करते, किती मिळवते, ह्याची मी चौकशीही केली नव्हती. मी दुसऱ्याची अक्कल विकत घेतली होती, आणि तीही उसन्या पैशाने. प्रेमचंदाच्या दाराशी रांगेत उभा राहिलेला मनुष्य तरी दुसरे काय करीत होता? ‘मोठी माणसे घेताहेत’ हे तीन शब्द सव्वाशे वर्षांत बदलले नाहीत. आणि मोठी माणसे कोणाच्या पैशाने घेताहेत, हा प्रश्न १८६४ त विचारला गेला नाही, तसा १९९२ तही वेळेवर विचारला गेला नाही. दोन्ही वेळा उत्तर एकच होते : बँकेच्या, म्हणजे अखेर ठेवीदारांच्या.

आज काळ आणखी पुढे गेला आहे. दलालाच्या दाराशी जाण्याचीही आता गरज नाही. दलाल खिशातल्या दूरध्वनीत येऊन बसला आहे. वायद्याचे नाव ‘फ्युचर्स आणि ऑप्शन्स’ झाले आहे. बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सेबीने सप्टेंबर २०२४ मध्ये एक अभ्यास प्रसिद्ध केला. २०२१-२२ ते २०२३-२४ ह्या तीन वर्षांत ह्या व्यवहारांत उतरलेल्या एक कोटीहून अधिक व्यक्तींपैकी ९३ टक्क्यांना तोटा झाला. खर्च धरून सरासरी तोटा माणशी सुमारे दोन लाख रुपये. सर्वांचा मिळून १.८ लाख कोटींच्या वर. ह्या लोकांपैकी पाऊण हिश्शाहून अधिक जणांनी आपले वार्षिक उत्पन्न पाच लाखांच्या आत असल्याचे नोंदवलेले आहे. आणि सलग दोन वर्षे तोटा झालेल्यांपैकीही पाऊण हिश्शाहून अधिक लोक तिसऱ्या वर्षी पुन्हा उतरले. आमचा तीस रुपयांचा कारकून अजून जिवंत आहे, मंडळी. त्याचे वय मात्र कमी झाले आहे.

एक फरक मान्य केला पाहिजे. १८६५ साली रांगेतला एक घसरला की सगळे घसरत. आज हिशेब रोजच्या रोज होतो, आधी अनामत घेतली जाते, आणि व्यवहारांची हमी घेणारी संस्था मध्ये उभी असते. १ जुलैसारखा दिवस त्यामुळे सहसा उगवत नाही. ही खरी प्रगती आहे, आणि ती त्या बुडालेल्यांच्या अनुभवातून झालेली आहे. परंतु ह्या व्यवस्थेने बाजार बुडण्याचे टळते. माणूस बुडण्याचे टळत नाही. सगळे शहर एका दिवसात बुडत नाही, म्हणून एकेक घर रोज बुडते ते कोणाच्या ध्यानीच येत नाही, एवढाच काय तो भेद.

शेअर घेऊच नयेत, असे मी सांगत नाही. कंपनीच्या भागीदारीची कल्पना ही मनुष्याने शोधून काढलेल्या उत्तम कल्पनांपैकी एक आहे. जे समजते ते, आपल्या पैशाने, वाट पाहण्याची तयारी ठेवून घेणाऱ्याला मी सट्टेबाज म्हणणार नाही. माझे म्हणणे दोनच गोष्टींपुरते आहे. आपल्या घरातला मुलगा रात्री उशिरापर्यंत त्या लखलखत्या आकड्यांकडे पाहत बसला असेल, तर त्याला ‘लोभी’ म्हणून झिडकारू नका. मला तसे कोणी म्हटले असते तर मी अधिकच लपवले असते. त्याला जवळ बसवून विचारा, की हा पैसा कोणाचा, ही अक्कल कोणाची, आणि हिशेबाचा दिवस कोणता? आणि दुसरी गोष्ट नागरिक म्हणून. बाजार चढत असतो तेव्हाच कुंपण पाहून घ्यावे. तो पडल्यावर कमिशने बसतात, अहवाल निघतात, कायदे होतात. हे सर्व होते, परंतु ते पुढच्यांसाठी होते.

पुन्हा कधी मुंबईला गेलात तर राजाबाई मनोऱ्यापाशी क्षणभर थांबा. मनोरा सुंदर आहे, घड्याळ अजून चालते. त्याचे टोले ऐकताना ज्यांची नावे त्या दगडावर नाहीत त्यांचीही एकदा आठवण करा. माझी आपणांस एवढीच विनंती आहे.